काळाचे कप्पे विस्कटतात तेव्हा

इंग्लंडमध्ये १९६६ साल चालू आहे. खाडीपलीकडे फ्रान्समध्ये मात्र १९१७ चे महायुद्ध पेटलेले आहे. अमेरिकेवरून जाणाऱ्या विमानातून महानगरे दिसतच नाहीत. ग्रीसमध्ये ख्रिस्तपूर्व पाचव्या शतकातील अथेन्स नांदते आहे, तर मेक्सिकोत काही हजार वर्षांनंतरची माणसे वावरत आहेत. रशियाच्या विस्तीर्ण भूमीवर गाव नाही, झाड नाही. वितळून थिजलेल्या काचेसारखे सपाट मैदान तेवढे पसरलेले आहे. तो पृथ्वीचा अतिदूरचा भविष्यकाळ होय. पृथ्वी एकच, पण तिच्या प्रत्येक भूभागाचे पंचांग निराळे!

हा कल्पित अनर्थ ‘ऑक्टोबर द फर्स्ट इज टू लेट’ या १९६६ साली प्रसिद्ध झालेल्या इंग्रजी कादंबरीतील आहे. तिचे लेखक फ्रेड हॉईल हे केंब्रिजचे विख्यात खगोलशास्त्रज्ञ. कथेतील विज्ञान हा बहुतांशी कथेसाठी उभारलेला सांगाडा आहे, परंतु काळ आणि जाणीव यांविषयीची चर्चा गंभीरपणेच केलेली आहे, असे त्यांनी प्रस्तावनेत स्पष्ट केले होते.

त्या चर्चेसाठी हॉईल यांनी योजलेला दृष्टान्त पेढीवर बसणाऱ्याला सहज उमगावा असा आहे. कागदपत्रे ठेवण्याच्या कप्प्यांची एक लांबच लांब रांग आहे. प्रत्येक कप्प्यात काही टिपणे आहेत. मागील क्रमांकाच्या कप्प्यांत काय आहे, ते या टिपणांत बऱ्यापैकी अचूक नोंदलेले आहे. पुढील कप्प्यांविषयी मात्र केवळ धूसर अंदाज आहेत. कोणी एक कारकून येतो व एकेक कप्पा उघडून पाहतो. तो वाटेल त्या क्रमाने कप्पे उघडो. ज्या कप्प्यावर प्रकाश पडेल, त्याला आपण ‘आज’ आहोत असेच वाटणार. मागचे ते स्मरण, पुढचे ते अनुमान. काळ वाहतो हा अनुभव प्रवाहातून येत नसून टिपणांच्या रचनेतून येतो, असा या दृष्टान्ताचा रोख आहे.

रोजमेळाची सुटी पाने वाऱ्याने विखुरली, तरी जाणता मुनीम ती पुन्हा क्रमाने लावू शकतो. कालची अखेरची शिल्लक हीच आजची आरंभीची शिल्लक असते. क्रम पानांच्या जागेत नसून जमाखर्चाच्या दुव्यात असतो. खरा अनर्थ पाने विखुरल्याने होत नाही. एका पानाची अखेरची शिल्लक दुसऱ्या कोणत्याच पानाच्या आरंभाशी जुळेनाशी होते, तेव्हा तो होतो. कादंबरीतील पृथ्वीची अवस्था नेमकी अशी झाली आहे. १९६६ च्या लंडनमध्ये लिहिलेली मुदती हुंडी १९१७ च्या पॅरिसमध्ये कोणत्या दिवशी पटवावयाची? व्याज पुढे मोजावयाचे की मागे? ज्याने रक्कम घेतली, त्याचा अद्याप जन्मच झालेला नसेल, तर मागणी कोणाकडे करावयाची?

याहून कठीण प्रश्न रणभूमीवरचा आहे. त्या युद्धाचा शेवट इंग्लंडमधील शाळकरी मुलांनाही ठाऊक आहे. परंतु खाडीपलीकडच्या खंदकांत तरुण मुले आजच मरत आहेत. इतिहासाच्या पुस्तकातील मृत्यू डोळ्यांदेखत घडू लागला, तर ‘होऊन गेले’ म्हणून मान फिरवता येत नाही. ज्ञान हाती आले की जबाबदारीही येते, मग त्या ज्ञानावरची तारीख कोणतीही असो.

या विषयाला एक मराठी धागाही आहे. कोल्हापुरात जन्मलेले जयंत नारळीकर हे केंब्रिजमध्ये हॉईल यांचे विद्यार्थी व पुढे सहकारी होते. विद्युतचुंबकीय समीकरणे काळाच्या दोन्ही दिशांना सारखीच लागू पडतात. परिणाम कारणाच्या आधी यावा, याला त्या समीकरणांची हरकत नाही. तरीही दिवा लावल्यानंतरच उजेड पडतो. असे का? व्हीलर आणि फाइनमन यांनी १९४५ मध्ये मांडलेला विचार पुढे नेऊन हॉईल आणि नारळीकर यांनी १९६० च्या दशकात या प्रश्नाची उकल विश्वाच्या रचनेत शोधली. एका दिव्याचा उजेड पुढेच का जातो, याच्या उत्तरात साऱ्या विश्वाचा प्रतिसाद गुंतलेला आहे, असे त्यांचे प्रतिपादन होते. नारळीकरांनी मराठीत विज्ञानकथाही लिहिल्या. त्यांतील गंगाधरपंतांना तर १७६१ चे पानिपत मराठ्यांनी जिंकलेले एक निराळेच जग पाहावयास मिळते.

मात्र हॉईल यांच्या दृष्टान्तात एक काटा दडलेला आहे. सर्वच कप्पे आधीपासून भरलेले असतील, तर माणसाच्या हाती काय उरते? येथे जैन विचारातील पाच समवायांचे स्मरण होणे स्वाभाविक आहे. काल, स्वभाव, नियती, कर्म आणि पुरुषार्थ या पाचांच्या मेळाने कार्य घडते. कोणा एकालाच सर्वस्व मानणे हा एकान्त होय. केवळ काळावर किंवा केवळ नियतीवर भार टाकला, तर पुरुषार्थाला जागाच राहत नाही.

व्यापारी उधार देतो, तेव्हा तो उद्यावर विश्वास टाकतो. आज दिलेला शब्द ठरल्या दिवशी पाळला जाईल, आणि न पाळल्यास त्याचे उत्तर देणारा माणूस तोच असेल, हे त्यात गृहीत असते. काळाची घडी प्रत्यक्षात कधी विस्कटेल असे भय बाळगण्याचे कारण नाही. परंतु दिलेला शब्द मोडतो, तेव्हा ज्याने विश्वासाने माल दिला त्याच्यापुरता आजचा आणि उद्याचा दुवा तुटलेलाच असतो. तो सांधण्याचे काम कोणत्याही समीकरणाकडे सोपवता येत नाही. ते शब्द देणाऱ्यालाच करावे लागते.