घानाचे रंग आणि छापील कोष्टके

आफ्रिकेतील वस्त्रांविषयी लिहिलेल्या पुस्तकांत एक कोष्टक हटकून आढळते. पिवळा म्हणजे वैभव, हिरवा म्हणजे वाढ, निळा म्हणजे शांतता, तांबडा म्हणजे रक्त, काळा म्हणजे पक्वता. घाना देशातील केंटे या वस्त्राची माहिती तर या कोष्टकावाचून पुरीच होत नाही. ते सर्वस्वी खोटे आहे असे मी म्हणत नाही. परंतु तेवढ्यावरून तेथील लोकांचा रंगविचार कळला असे मानणे म्हणजे पंचांगाचे मुखपृष्ठ पाहून मुहूर्त सांगण्यासारखे आहे.

मुळात तेथील अकान लोकांच्या त्वी भाषेत रंगाचे मूळ शब्द तीनच: पांढरा, काळा आणि तांबडा. पिवळ्याला ते कोंबडीची चरबी म्हणतात व हिरव्याला कोवळे पान. यात हसण्यासारखे काही नाही. जांभळा, नारिंगी, आमसुली, मोरपंखी म्हणणारे आपण काय निराळे करतो? या तीन रंगांचा खरा वापर पाहावयाचा तो जन्ममृत्यूच्या प्रसंगी. मृताचे जवळचे आप्त तांबडे किंवा तांबडे-काळे नेसतात, इतर मंडळी काळे अथवा गडद तपकिरी. पांढरा रंग आनंदाचा, बाळंतिणीचा, खटला जिंकलेल्याचा. तरीही एखादा अतिवृद्ध पुरुष वारला म्हणजे हाच पांढरा, काळ्याच्या जोडीने, अंत्यविधीतही दिसतो. पणतवंडे पाहून गेलेल्या माणसामागे आपल्याकडेही कोणी ऊर बडवीत नाही, ‘सोने झाले’ म्हणतात. तेथे तेच वस्त्राने सांगतात. कोण गेला, किती वर्षांचा होऊन गेला, नेसणारा त्याचा कोण, हे कळल्यावाचून रंग वाचताच येत नाही.

केंटेचे रंग तरी सगळे तेथलेच कोठे आहेत? स्थानिक कापसाला मुख्यत्वे पांढरा आणि निळीचा निळा एवढेच ठाऊक. 18 व्या शतकात असांते राजांच्या विणकरांनी किनाऱ्यावरील युरोपीय वखारींतून आलेले रेशमी कापड उसवले, त्याचे धागे सुटे केले आणि सुमारे 4 इंच रुंदीच्या पट्ट्यांत पुन्हा विणले. पट्ट्या शेजारी शेजारी शिवून वस्त्र होते. त्याच किनाऱ्यावर आपल्या खंबायत-सुरतेकडचे सुती कापडही जात असे. पूर्वजांच्या व्यापाराचा अभिमान गुजरातेत राहणाऱ्या आपणां सर्वांना आहे, म्हणून हेही सांगावयास हवे की ते कापड तेथे नेणारे युरोपीय व्यापारी त्याच्या मोबदल्यात माणसे विकत घेत होते.

आता दोन गोष्टी शेजारी ठेवून पाहाव्यात. 6 मार्च 1957 रोजी घाना स्वतंत्र झाला. थिओडोसिया ओको या शिक्षिकेने आखलेल्या ध्वजावर तांबडा, सोनेरी, हिरवा असे पट्टे व मधोमध काळा तारा आला. (याच बाईंनी पुढे तेथील हॉकी नावारूपास आणली.) 1964 साली देशात एकच पक्ष उरला आणि सोनेरी पट्टा जाऊन पांढरा आला, कारण तांबडा, पांढरा, हिरवा हे सत्ताधारी पक्षाचे रंग. 1966 च्या फेब्रुवारीत एन्क्रुमा यांची सत्ता लष्कराने उलथली आणि सोनेरी परतला. सरकारांनी रंगच बदलले. विणकरांनी काय केले? एन्क्रुमा यांनी फातिया या इजिप्शियन युवतीशी विवाह केला तेव्हा एका केंटेला ‘फातिया एन्क्रुमाला शोभते’ या अर्थाचे नाव पडले होते. 1966 नंतर त्याच वस्त्राला ‘एकटा माणूस राज्य चालवीत नाही’ असे म्हणू लागले. एका धाग्याचाही रंग बदलला नव्हता.

हे कोणत्या कोष्टकात बसवावयाचे? माझा आक्षेप केवळ पंडिती नाही. कोष्टकाने रंग वस्त्रापासून सुटा केला की विणकराची गरजच उरत नाही. तेच चार रंग गिरणीच्या कापडावर छापले की झाले ‘केंटे’. तसे छापील कापड बाजारात मुबलक आहे, आणि बोन्विरे गावातील मागांना त्याच्याशीच झुंजावे लागते. डिसेंबर 2024 मध्ये युनेस्कोने केंटेच्या विणकामाला मानवजातीच्या वारशाच्या यादीत घेतले, हे उत्तम झाले. यादीत नोंद झाली ती विणकामाच्या कसबाची, रंगांची नव्हे, हे ध्यानात घ्यावे. संग्रहालयांनी व ग्रंथकारांनीही आपल्या चिठ्ठ्यांवर पिवळ्या-हिरव्याचे अर्थ देण्याआधी वस्त्राचे नाव द्यावे, ते केव्हा पडले आणि कोणत्या प्रसंगी नेसतात ते द्यावे. जागा उरली तर मग रंगांचे अर्थ खुशाल छापावेत.