काकुनी आणि आजीची आच

काकूंनी केली म्हणून काकुनी नव्हे बरं का! जपानी भाषेत ‘काकु’ म्हणजे चौकोनी आणि ‘नी’ म्हणजे रसात शिजवलेलं. डुकराच्या मांसाचे चौकोनी तुकडे सोया सॉस, साखर आणि आलं घालून मंद आचेवर शिजवायचे, ती काकुनी. दोन वर्षं जपानात राहून आलेल्या माझ्या भाच्याला गेल्या हिवाळ्यात अकोल्याच्या घरी तीच करायची हुक्की आली.

“घरात नोको!” आजीनं बजावलं. “आंगनात चूल मांड. अन् पातेलं येगळं घे.”

पातेलं मिळालं, पण मांस कुठे मिळणार? गल्लीत कुणालाच माहीत नव्हतं. निदान कुणी बोललं तरी नाही. शेवटी आमच्या अंगणात क्रिकेट खेळायला येणारा आठवीतला एक मुलगा हळूच म्हणाला, “दादा, मला माहीत आहे. आमच्या घरी आणतात. शाळेत नाही सांगत मी, पोरं चिडवतात.”

दोघं सायकलवर गेले आणि अर्धा किलो घेऊन आले. पोटाकडचं, चरबीचे थर असलेलं.

शेजारच्या काकू लगेच म्हणाल्या, “ते खाल्लं की डोक्यात किडे होतात!” हे अर्धंच खरं. मांस कच्चं राहिलं तर पोटात पट्टकृमी होऊ शकतो, म्हणून ते पूर्ण शिजलंच पाहिजे. पण मेंदूत गाठी होतात त्या या कृमीची अंडी पोटात गेल्यानं. कृमी झालेल्या माणसाच्या विष्ठेतून ती पाण्यात, भाजीपाल्यावर, हातांवर येतात. त्यामुळे हा आजार शाकाहारी माणसालाही होतो. तेव्हा हात धुण्यात आळस नको!

आता कृती. (मोठं माणूस जवळ हवंच.) तुकडे आधी साध्या पाण्यात आलं आणि कांद्याची पात घालून तासभर शिजवले. ते पाणी ओतून दिलं, बरीच चरबी गेली. मग नवं पाणी, चार चमचे सोया सॉस, तीन चमचे साखर, आल्याच्या चकत्या. जपानात यात तांदळाची दारूही घालतात, ती आम्ही वगळली. सोया सॉस सोयाबीन आणि गहू आंबवून करतात. आपल्या वऱ्हाडात शेतंच्या शेतं सोयाबीनची, पण आपण त्याचं तेल काढून मोकळे!

झाकण म्हणून पातेल्याच्या आत उतरेल अशी छोटी ताटली थेट तुकड्यांवर ठेवली. जपानी लोक यासाठी लाकडी झाकण वापरतात. त्यानं तुकडे हलून फुटत नाहीत. आजीसाठी दुसऱ्या पातेल्यात मुळा, तसाच सोया सॉसमध्ये.

बराच वेळ झाला तरी मांस चिवटच. भाच्यानं चुलीत आणखी पऱ्हाट्या सारल्या.

“जाय कायले वाढवतं लेका? निवांत होऊ दे!” आजी ओरडली. (जाय म्हणजे जाळ, पुण्या-मुंबईच्या वाचकांनो.)

आजीचं बरोबर होतं. पाणी कितीही खळखळलं तरी साधारण 100 अंशांच्या पुढे जात नाही. वाया जातं ते सरपण. मांसाचे धागे बांधून ठेवणारं कोलॅजन नावाचं चिवट प्रथिन मंद आचेवरही विरघळतं, पण त्याला वेळ लागतो. त्याचं जिलेटिन झालं की मांस मऊ होतं. उरलेला रस थंड झाल्यावर जेलीसारखा थिजतो, तो त्यामुळेच. ही युक्ती जपानला चीनकडून मिळाली, नागासाकी बंदरात उतरणाऱ्या चिनी व्यापाऱ्यांमुळे.

आजीनं पातेल्याला हातही लावला नाही, पण तासभर पऱ्हाट्या मागे-पुढे करत चुलीपाशी तीच बसली. त्या मुलाला तिनं विचारलं, “तुही माय कसं करते रे?”

तो आधी गप्पच. मग म्हणाला, “तेल नाही टाकत आजी. बारीक जाळावर ठेवते, चरबी सुटते, त्यातच शिजते.”

“मंग तिले आच समजते,” आजी म्हणाली आणि मुळ्याचं पातेलं पुढे ओढून घेतलं.