विश्लेषण : कलाकार शोधणाऱ्यांना ऑस्करने इतका उशीर का लावला?

‘कास्टिंग’ अर्थात पात्रनिवडीसाठी स्वतंत्र ऑस्कर देण्याचा निर्णय अकादमीने फेब्रुवारी २०२४ मध्ये जाहीर केला. २०२५ मध्ये प्रदर्शित झालेल्या चित्रपटांपासून तो लागू झाला. ऑस्करची सुरुवात १९२९ ची. म्हणजे या कामाला दाद मिळण्यास जवळपास शतक लागले. ज्यांच्यामुळे या व्यवसायाला आजचे रूप आले, त्या मॅरियन डोहर्टी मात्र २०११ मध्येच निवर्तल्या. त्यांच्या कारकीर्दीतून या विलंबाचे कारण उलगडते.

मॅरियन डोहर्टी कोण होत्या?

स्टुडिओंच्या जुन्या पद्धतीत कलाकार करारबद्ध असत. निवड होई ती त्या यादीतून. डोहर्टी यांनी सुरुवात केली ती न्यूयॉर्कमध्ये, ‘क्राफ्ट टेलिव्हिजन थिएटर’ या थेट प्रक्षेपित नाट्यमालिकेतून. तेथे दर आठवड्याला नवे चेहरे लागत. त्या नाटके पाहत, नटांविषयीची टिपणे कार्डांवर लिहून ठेवत. जेम्स डीन यांना सुरुवातीच्या काळात काम देणाऱ्यांत त्या होत्या. ‘नेकेड सिटी’ मालिकेतून रॉबर्ट ड्युव्हाल, डस्टिन हॉफमन यांना त्यांनी संधी दिली. देखण्या चेहऱ्यापेक्षा भूमिकेला साजेसा माणूस, हा त्यांचा निकष सत्तरच्या दशकातील हॉलीवूडने उचलला.

श्रेयाचा प्रश्न कुठे आला?

जॉन व्हाइट यांचे ‘नेकेड सिटी’मधील काम फसले होते. तरीही ‘मिडनाइट काउबॉय’साठी (१९६९) डोहर्टी यांनी त्यांचे नाव लावून धरले. चित्रपटाला सर्वोत्कृष्ट चित्रपटासह तीन ऑस्कर मिळाले, व्हाइट यांना नामांकन मिळाले. श्रेयनामावलीत डोहर्टी यांचे नाव नव्हते. पुढे ‘लेथल वेपन’साठी (१९८७) डॅनी ग्लोव्हर यांचे नाव त्यांनीच सुचवले. ही भूमिका कृष्णवर्णीय नट करेल असा विचार दिग्दर्शक रिचर्ड डॉनर यांच्या मनातही आला नव्हता. पटकथेत मात्र तसे कुठेच नाकारलेले नव्हते.

‘डायरेक्टर’ शब्दाला आक्षेप का?

निवडीचा अंतिम निर्णय दिग्दर्शकाचा असतो, त्यामुळे ‘डायरेक्टर’ ही उपाधी दुसऱ्या कोणाला नको, अशी अमेरिकी दिग्दर्शक संघटनेची भूमिका राहिली. म्हणूनच पडद्यावर ‘कास्टिंग बाय’ असे लिहिले जाते. पण छायालेखन वा संकलनातही अंतिम शब्द दिग्दर्शकाचाच असतो आणि त्यांना ऑस्कर मिळतो. दुसरी अडचण कामाच्या स्वरूपाची. निवड अचूक ठरली की दाद नटाला मिळते, निवडणारा दिसत नाही. त्यात हा व्यवसाय मुख्यत्वे महिलांचा. त्याकडे कला म्हणून न पाहता कार्यालयीन काम म्हणून पाहिले गेले.

बदल कधी झाला?

१९९१ मध्ये डोहर्टी यांना मानद ऑस्कर मिळावा म्हणून नामवंतांनी अकादमीकडे शिफारस केली. ती मान्य झाली नाही. त्यांच्यावर आधारित ‘कास्टिंग बाय’ हा माहितीपट २०१२ मध्ये आला. २०१३ मध्ये अकादमीत या व्यावसायिकांची स्वतंत्र शाखा झाली. २०१६ मध्ये लिन स्टॉलमास्टर यांना मानद ऑस्कर मिळाला. ब्रिटनच्या ‘बाफ्टा’ने २०२० पासून कास्टिंगचा पुरस्कार सुरू केला. डोहर्टी यांच्या कार्यालयात सचिव म्हणून रुजू झालेल्या ज्युलिएट टेलर यांना २०२४ मध्ये मानद ऑस्कर देण्यात आला.

भारतात काय स्थिती?

‘गांधी’साठी (१९८२) डॉली ठाकोर आणि ‘बँडिट क्वीन’साठी (१९९४) तिग्मांशू धुलिया यांनी हे काम केले. आता मुकेश छाब्रा, शानू शर्मा ही नावे प्रेक्षकांनाही ठाऊक आहेत. राष्ट्रीय चित्रपट पुरस्कारांत मात्र पात्रनिवडीसाठी स्वतंत्र विभाग नाही. ओळखीपाळखीवर आणि घराण्यांवर चालणारा उद्योग, ही हिंदी चित्रपटसृष्टीवरील जुनी टीका आहे. अनोळखी नटासाठी दार उघडणाऱ्या या कामाला मान मिळणे इथे अधिक महत्त्वाचे ठरते ते त्यामुळेच.