पैठणीची ऑनलाइन खरेदी: ग्राहक निराधार नाही



ऑनलाइन घेतलेली लग्नाची पैठणी खोटी निघाल्यास अमरावती-अकोल्याच्या ग्राहकाला विक्रेत्याच्या गावी खेटे घालावे लागतात, हे प्रसिद्ध झालेले मत चुकीचे आहे. २०१९च्या ग्राहक संरक्षण कायद्याने राहत्या जिल्ह्याच्या आयोगाकडेच तक्रार करता येते.

विक्रेत्याची विश्वासार्हता रेटिंगच्या चांदण्यांवरून ठरत नाही. २०२०च्या ई-कॉमर्स नियमांनुसार विक्रेत्याचे नाव-पत्ता दिसायला हवा. नसेल तर आगाऊ पैसे देऊच नयेत. हातमागाच्या पैठणीचा पदर दोन्ही बाजूंनी सारखा दिसतो. मागे सुटे, कापलेले धागे असतील तर ते बहुधा यंत्रमागाचे काम. म्हणून उलट्या बाजूचे छायाचित्र मागावे. टाळाटाळ करणारा विक्रेता सोडावा. ‘सिल्क मार्क’ फक्त रेशमाची शुद्धता सांगतो, हातमागाची नव्हे.

— एक ग्राहक, अकोला