लग्नाची तारीख आणि उसाची तोड



तुळशीची लग्ने लागली की आपल्या वैभववाडी-कणकवली गटात सोयरिकी जमू लागतात आणि शेतकी विभागाकडे माणसे येतात. "सायबांनू, चेडवाचा लगीन ठरला हा, तोड आधी द्या." तोड लागणीच्या नोंदीप्रमाणे मिळते. आपला ऊस घाट चढून जातो, गाड्या मोजक्याच. एकाची तोड पुढे ओढली की शेजाऱ्याचा ऊस मागे पडतो, त्याचे वजन घटते. तेव्हा आधी नोंद पाहावी, मग पंचांग.

ऊस नियंत्रण आदेश, १९६६ प्रमाणे ऊस घातल्यापासून १४ दिवसांत बिल मिळावयाचे असते. पण सोसायटीचे पीककर्ज त्यातूनच वळते होते. टनेजवर जेवणावळीचा आकडा धरणारे पुष्कळ भेटतात. कपात धरणारे थोडे. मग उसनवारी होते, आणि खोडव्याचे खत राहून जाते.

हा हिशेब नवरा-नवरीपुढे मांडावा असे माझे स्पष्ट मत आहे. याद्या वडीलधारे करतात, पण कर्ज त्या दोघांच्या संसारातूनच फिटते ना? (हुंडा मागणे तर १९६१ पासून गुन्हाच आहे.) किती पाने उठवायची, बँड हवा की नको, हे त्यांनाच विचारा. पुष्कळदा पोरेच खर्चाला नको म्हणतात.

मे महिन्यात चाकरमानी येतात खरे, पण रेल्वेचे आरक्षण ६० दिवस आधी उघडते. तारीख त्यापूर्वी कळवावी. महिनाअखेरीस पावसाचाही नेम नाही. लग्न झाल्यावर ९० दिवसांत ग्रामपंचायतीत विवाहनोंद करावी. रेशनकार्डावर सुनेचे नाव चढविताना तो दाखला उपयोगी पडतो.