रंगकामाचा दर पॅनेलवर ठरवू नका

गळिताचा हंगाम सुरू होतो आणि माळेगाव, सोमेश्वर, भवानीनगरचा छत्रपती, बिजवडीचा कर्मयोगी या साखर कारखान्यांच्या दिशेने उसाची वाहने धावू लागतात, तेव्हा बारामती आणि इंदापूर तालुक्यांतल्या डेंटिंग-पेंटिंगच्या गॅरेजांपुढे ठरावीक जखमांच्या गाड्या येऊन उभ्या राहतात. ट्रॉलीबाहेर आलेल्या उसाने दोन्ही दरवाजांवर ओढलेला लांब ओरखडा, अरुंद रस्त्यावर दुहेरी ट्रॉलीला वाट देताना चेपलेला फेंडर, सोलापूर महामार्गावर खडी उडून टवके गेलेले बोनेट. मालक पेंटरला दोन गोष्टी विचारतो: रंग कंपनीसारखा जुळेल का, आणि पॅनेलला किती घेणार? या दोन प्रश्नांचे एकमेकांशी वैर आहे, असे माझे म्हणणे आहे. दर पॅनेलवर ठरतो तोवर रंग जुळणे कठीण. पुढे दरवाजा एका छटेचा आणि फेंडर दुसऱ्या छटेचा दिसू लागला की आपण पेंटरच्या हाताला नावे ठेवतो. दोष मात्र बहुतेक वेळा कामाचे माप ठरवण्याच्या आपल्या पद्धतीत असतो.

कंपनीचा रंग म्हणजे नेमके काय, इथून सुरुवात केली पाहिजे. बारामतीच्या एमआयडीसीत पियाज्योच्या तीनचाकी गाड्या आणि २०१२ पासून पोलादी बॉडीच्या व्हेस्पा तयार होतात. पिंपरी, चाकण, रांजणगाव इथून मोटारी बाहेर पडतात. मोटारीच्या कारखान्यात बॉडीला रंग चढतो तेव्हा तिच्यात काच, रबर, वायरिंग, सीट यांतले काहीच नसते. पत्र्याचा कोरा सांगाडा विद्युतभारित प्रायमरच्या हौदात आख्खा बुडवतात, मग सुमारे १६० ते १८० अंश सेल्सिअसला भाजतात. त्यावर सर्फेसर, त्यावर रंगाचा बेस, त्यावर पारदर्शक क्लिअर, आणि पुन्हा १४० अंशांच्या आसपास भट्टी. रंग मारणारे यंत्रमानव प्रत्येक गाडीवर तेच अंतर, तोच वेग, तोच दाब राखतात. एवढे सगळे होऊन थरांची एकूण जाडी साधारण १०० ते १३० मायक्रॉन भरते, आणि त्यातला डोळ्याला दिसणारा खरा रंग, म्हणजे बेस, बहुतेक मेटॅलिक छटांत १५-२० मायक्रॉनच असतो. गॅरेजमध्ये येते ती पूर्ण जोडलेली गाडी. तिला १४० अंशांत घातले तर प्लास्टिक आणि वायरिंग वितळेल. म्हणून तिथे हार्डनर मिसळलेला रंग वापरतात, तो बूथ असेल तर ६० अंशांच्या आसपास आणि नसेल तर उघड्या हवेत वाळवतात. रसायन निराळे, उष्णता निराळी, फवारा निराळा. इतके सगळे निराळे असताना निकाल तंतोतंत तोच यावा, ही अपेक्षाच मुळात चुकीच्या जागी उभी आहे.

मग रंगाचा कोड कशासाठी असतो? गाडीच्या दरवाजाच्या खांबावर किंवा बोनेटखालच्या पट्टीवर तो छापलेला असतो, दुकानदार तो पाहून सूत्र काढतो, काट्यावर वजनाने टिंटर मोजतो आणि डबा भरून देतो. अनेकांना वाटते, काम इथेच संपले. प्रत्यक्षात एकाच कोडच्या अनेक उपछटा असतात, कारण रंगाच्या प्रत्येक घाण्यात आणि प्रत्येक कारखान्यात थोडा फरक पडतो. रंग कंपन्या म्हणूनच एका कोडखाली व्हेरिएंटची मालिका देतात. शिवाय सूत्र असते नव्या गाडीचे. समोरची गाडी सहा उन्हाळे वाड्याबाहेर किंवा शेताच्या बांधावर उभी राहिलेली असते. लाल रंग उडतो, क्लिअर पिवळसर होतो, बोअरच्या जड पाण्याने धुऊन धुऊन वर क्षारांची पुटे चढतात. एमएच-४२ पाटीच्या ज्या पांढऱ्या गाड्या आपल्या डोळ्यांना एकाच रंगाच्या वाटतात, त्या शेजारी शेजारी उभ्या करून पाहाव्यात: एक निळसर पांढरी, एक दुधी, एक मोतिया. मोतिया पांढरा तर तीन थरांत येतो, आणि मधल्या थराला एक हात कमी-जास्त झाला की पॅनेल वेगळे दिसते.

मेटॅलिक रंगात अडचण आणखी खोल जाते. त्यात ॲल्युमिनियमच्या बारीक चकत्या असतात आणि त्या पृष्ठभागावर कशा निजतात यावर छटा ठरते. गन लांब धरली, दाब जास्त ठेवला, थिनर लवकर उडणारा घेतला, तर थर कोरडा बसतो आणि समोरून पाहता रंग उजळ दिसतो. थर ओला बसला तर चकत्या खाली जातात आणि तोच रंग गडद वाटतो. बारामतीत एप्रिलच्या दुपारी पारा चाळिशीला टेकलेला असताना थिनर गनमधून निघून पत्र्यावर पोहोचेपर्यंतच उडू लागतो. जाणकार पेंटर अशा दिवसांत सावकाश उडणारा थिनर घेतो आणि काम सकाळी उरकतो. पावसाळ्याच्या तोंडावर या पर्जन्यछायेच्या पट्ट्यात वारा सुटतो आणि उघड्या शेडमधल्या ओल्या क्लिअरवर धूळ येऊन बसते, म्हणून आधी जमिनीवर पाणी शिंपडतात. डबा तोच असला तरी दोन हातांची, दोन ऋतूंची छटा वेगळी पडते. हे कौशल्य आहे, आणि याला आपण फार कमी किंमत देतो.

आता डोळ्याकडे वळू. माणसाचा डोळा दोन रंग सीमारेषेवर एकमेकांना भिडले की अत्यंत सूक्ष्म फरकही टिपतो. तोच फरक हातभर अंतरात हळूहळू बदलत नेला तर त्याला काही दिसत नाही. दुरुस्तीच्या रंगकामातली सगळ्यात विश्वासाची पद्धत याच गोष्टीवर उभी आहे. पुढच्या दरवाजाला रंग द्यायचा असेल तर बेस तिथेच न थांबवता फेंडर आणि मागचा दरवाजा यांवर विरवत न्यायचा, मग तिन्ही पॅनेलांवर अखंड क्लिअर मारायचे. पेंटर याला ब्लेंडिंग म्हणतात. शेजारच्या पॅनेलांना लांबी (पुट्टी) लागत नाही, प्रायमर लागत नाही. बारीक पेपरने घासून ती तयार केली की पुरे. ही फसवणूक किंवा पळवाट नाही, दुरुस्तीचे रंग विकणाऱ्या कंपन्या आपल्या प्रशिक्षणात हेच शिकवतात. आणि कंपनीतून आलेल्या नव्या गाडीचा बंपर उन्हात तिरका पाहिला तर तोही कधी कधी बॉडीहून किंचित निराळा दिसतो, कारण प्लास्टिकचा बंपर वेगळा, कमी उष्णतेवर रंगवलेला असतो. जी अचूकता कारखानाही सगळीकडे साधत नाही, ती एका दरवाजाच्या दरात गॅरेजकडून मागितली जाते.

पॅनेलमागे दर ठरला की काय होते पाहा. एका दरवाजाचे पैसे ठरले आहेत. पेंटरने रंग फेंडरवर विरवला तर क्लिअर, हार्डनर, मास्किंग, घासाई आणि अर्ध्या दिवसाची मजुरी त्याच्या खिशातून जाते. तो दरवाजाच्या कडेला टेप लावतो आणि तिथेच थांबतो. नेमक्या त्याच रेषेवर डोळा फरक पकडतो. चांगला पेंटर स्वतःच्या पैशाने एक-दोनदा विरवून देतो, नंतर सोडून देतो. असा दर प्रामाणिक कामाला दंड करतो, आणि जो स्वस्त क्लिअर वापरून टेपच्या आत काम उरकतो त्याला बक्षीस देतो.

विम्याची तऱ्हा याहून चमत्कारिक आहे. भारतीय मोटर टॅरिफमधून आलेल्या आणि आजही बहुतेक सर्वसमावेशक पॉलिसींत असलेल्या अटीनुसार रंगकामाच्या साहित्यावर ५० टक्के घसारा कापला जातो; बिल एकत्रित असेल तर एकूण रंगकामाच्या २५ टक्के रक्कम साहित्याची धरतात. समजा बिल ८ हजारांचे आहे. एकत्रित दाखवले तर २ हजार साहित्य धरून १ हजार कापले जातील. पेंटरने प्रामाणिकपणे साहित्य ४ हजार, मजुरी ४ हजार असे वेगळे लिहिले तर २ हजार कापले जातील. झिरो डेप्रिसिएशनचे संरक्षण नसलेल्या मालकाच्या फायद्याचे बिल कोणते, हे सांगायला नको. म्हणजे किती रंग, किती क्लिअर, कोणता हार्डनर हे कागदावर न येण्यातच सोय आहे. त्यात सर्व्हेअर साधारणपणे ठोकर लागलेले पॅनेलच मोजतो. शेजारच्या पॅनेलवर विरवण्याचा खर्च मागितला की ते पॅनेल तर शाबूत आहे, असे उत्तर मिळते. लहान ओरखड्यासाठी बहुतेक लोक दावा करतच नाहीत, कारण ५० टक्क्यांपर्यंत वाढत जाणारा नो क्लेम बोनस घालवणे परवडत नाही. तो व्यवहार मग रोखीत आणि तोंडी ठरतो, आणि तोंडी व्यवहारात पॅनेल हेच एकमेव माप उरते.

यावर पहिला आक्षेप यंत्राचा येईल. अनेक कोनांतून रंग मोजणारा स्पेक्ट्रोफोटोमीटर आता उपलब्ध आहे, तो गाडीवर टेकवला की जवळचे सूत्र मिळते. हे यंत्र उपयोगी आहे आणि बारामतीसारख्या बाजारपेठेत दोन-चार रंगविक्रेत्यांनी मिळून ते ठेवले तर फार बरे होईल. पण यंत्र सूत्र शोधते, फवारा मारत नाही. थिनर, दाब आणि हाताचा वेग यांनी पडणारा फरक त्याच्या कक्षेबाहेर राहतो. यंत्राने फरक कमी होतो, म्हणून विरवण्याचे अंतरही कमी पुरते. ती पायरी रद्द होत नाही. ट्यूबलाइटखाली जुळलेला रंग उन्हात निराळा दिसतो, हा अनुभवही जुना आहे, कारण वेगवेगळी रंगद्रव्ये वेगवेगळ्या प्रकाशात वेगळी वागतात.

दुसरा आक्षेप मला जास्त वजनदार वाटतो. शाबूत पॅनेलवरचा कंपनीचा रंग झाकायचा कशाला? गाडी विकताना घेणारा रंगाची जाडी मोजणारे मीटर लावतो, आणि ओरिजिनल पेंटची किंमत वेगळी असते. हे खरे आहे, आणि म्हणूनच ब्लेंडिंग सरसकट करू नये. जुन्या गाडीच्या खालच्या भागात, साध्या पांढऱ्या रंगावर, बंपरच्या कोपऱ्यावर ते अनेकदा लागत नाही. पण मेटॅलिक दरवाजावर सीमारेषेचा फरक राहिला तर मीटर न लावताही गिऱ्हाईक ओळखते की इथे काम झाले आहे, आणि मग तो मोठा अपघात होता असे समजून भाव पाडते. विरवलेल्या पॅनेलवर जाडी काही दशक मायक्रॉननेच वाढते. लांबी भरलेल्या जागी ती शेकड्यांत जाते. काय केले ते बिलावर स्पष्ट लिहिलेले असेल तर त्या दोन आकड्यांतला फरक दाखवून मालक आपली बाजू मांडू शकतो.

तिसरा आक्षेप असा की दर वाढेल आणि पेंटर गरज नसताना जादा पॅनेलांचे पैसे लावतील. काही लावतीलही. त्याला उपाय म्हणजे काम सुरू करण्यापूर्वी नमुन्याचे कार्ड फवारून ते वाळवणे आणि उन्हात, गाडीला टेकवून, मालकासमोर पाहणे. कार्ड जुळले तर विरवायची गरज नाही, नाही जुळले तर आहे. निर्णय दोघांच्या डोळ्यांदेखत होतो. अधिकृत सर्व्हिस सेंटरला जावे, हा सल्लाही मिळतो. पण गाडी इंदापूरहून पुण्याला नेऊन चार दिवस ठेवणे सगळ्यांना परवडत नाही, आणि पॅनेलचे माप तिथेही सुटलेले नाही.

या प्रश्नाला धोरणाची बाजूही आहे. २५ ऑगस्ट २०१४ रोजी भारतीय स्पर्धा आयोगाने १४ मोटार कंपन्यांना स्वतंत्र दुरुस्तीवाल्यांपासून सुटे भाग आणि तपासणीची साधने दूर ठेवल्याबद्दल दंड केला. २०२२ मध्ये केंद्राच्या ग्राहक व्यवहार विभागाने दुरुस्तीच्या हक्कासाठी समिती नेमली तेव्हा वाहनांचा त्यात समावेश होता. रंगाचे व्हेरिएंट आणि बदललेली सूत्रे ही याच हक्काचा भाग मानली गेली पाहिजेत. मोटार बॉडी पेंटिंगचा एक वर्षाचा अभ्यासक्रम आयटीआयच्या यादीत आहे. ज्या तालुक्यांत एवढी वाहने आहेत तिथल्या मुलांना तो जवळ मिळायला हवा. त्यात पहिल्या आठवड्यात हार्डनरमधल्या आयसोसायनेटबद्दल शिकवावे. ते श्वासातून गेले तर कायमचा दमा जडू शकतो, आणि तोंडाला बांधलेला रुमाल त्याला अडवत नाही. पॅनेलच्या दरात मास्कचे पैसे कधीच धरलेले नसतात, याची मला खरी चीड येते.

तेव्हा दर ठरवताना पॅनेल सोडून काम मोजावे. पत्र्याचे काम, लांबी, प्रायमर, किती पॅनेलांवर बेस आणि कुठवर विरवला, कोणते क्लिअर, असे बिल लिहिले जावे. विमा कंपन्यांनी मेटॅलिक आणि मोतिया रंगांत लगतच्या पॅनेलवरचे विरवणे हा दुरुस्तीचाच खर्च धरावा आणि तपशीलवार बिल देणाऱ्याला एकत्रित बिलापेक्षा जास्त कापण्याची अट बदलावी. नमुन्याचे कार्ड गाडी सोडताना मालकाच्या हाती द्यावे. पुढे त्याच गाडीचे काम भिगवणला निघो की इंदापूरला, कोणता व्हेरिएंट, किती हात आणि कोणता थिनर हे नव्या पेंटरला कार्डाच्या मागच्या बाजूला लिहिलेले मिळेल.