निळ्यातले पांढरे फूल

कापड रंगविणे हे काही मोठेसे कौशल्य नव्हे. रंगाची पुडी आणली, पाणी उकळले, की झाले! पण रंग जिथे नको तिथे तो चढू न देणे, याला मात्र खरे कसब लागते. चेक लोकांच्या 'मोद्रोतिस्क' या कारागिरीचे सारे मर्म या न रंगविण्यातच आहे. 'मोद्री' म्हणजे निळा आणि 'तिस्क' म्हणजे छपाई. एका स्नेह्याने त्या कापडाचा रुमाल मला आणून दिला, तेव्हापासून मी या विषयाच्या नादी लागलो आहे. आमच्या सौभाग्यवतींनी तो उलटसुलट करून पाहिला आणि विचारले, "राजस्थानचा ना हो हा?"

प्रश्न अनाठायी नव्हता. राजस्थानात चिखलाचा लेप देऊन डाबूची छपाई करतात, तिचीच ही दूरची बहीण. लाकडी ठशावर नाजूक नक्षीसाठी पितळेच्या बारीक खिळ्या बसवितात. चिकणमाती, गोंद आणि मोरचूद यांचा लेप त्या ठशाने पांढऱ्या कापडावर उमटवायचा. तो पुरता वाळला, की कापड निळीच्या खोल हौदात बुडवायचे, वर काढायचे, पुन्हा बुडवायचे. बाहेर येते ते हिरवट-पिवळे. वारा लागला की डोळ्यांदेखत निळे होते! शेवटी सौम्य आम्लात लेप धुऊन काढला, की खालचे पांढरे फूल दिसू लागते. आणि ती नीळ? युरोपच्या कित्येक भाषांत तिचे नाव 'इंडिगो', म्हणजे हिंदुस्थानची!

एकेकाळी तिकडे गावोगाव रंगारी होते. गिरणीचे स्वस्त छापील कापड आले, खेड्यातला पेहराव बदलला, आणि हौद एकेक करून कोरडे पडले. १९४५ साली सरकारने लोककारागिरीसाठी एक मध्यवर्ती संस्था काढली. तिथले चित्रकार जुन्या धाटणीतून नव्या घरांना साजेसे नमुने काढीत. आजीच्या घागऱ्यावरचे फूल नातीच्या टेबलावर आले! १९४८ नंतर खासगी धंदे बंद झाले, तरी मोराव्हियातल्या स्त्राझ्नित्से आणि ओलेश्नित्से इथल्या दोन घराण्यांचे हौद याच संस्थेच्या कामावर भरलेले राहिले. १९९० नंतरच्या दशकात ती संस्थाही मोडली. पण या घराण्यांनी हात आखडला नाही.

२०१८ साली युनेस्कोने या कलेला मानवजातीच्या वारशात स्थान दिले. ऑस्ट्रिया, जर्मनी, हंगेरी आणि स्लोव्हाकिया हेही त्या मानात वाटेकरी आहेत. आनंदच आहे. पण मानपत्र भिंतीवर टांगता येते, त्याने लेप कालवता येत नाही. नवे ठसे घडविणारे हात आज मोजकेच उरले आहेत, आणि ठसा झिजला की त्याबरोबर एक फूलही जाते.

तेव्हा वाचकहो, या दिवाळीत हातछपाईची चादर घ्याल, तेव्हा घासाघीस खुशाल करा. पण तिचा ठसा कुणी कोरला, एवढेही दुकानदाराला विचारा. विचारणारे गिऱ्हाईक असले, म्हणजे कोरणाऱ्यालाही आपल्या मुलाच्या हाती पटाशी द्यावीशी वाटते.